गुरुवारी अकरा ते एक

३ जानेवारी

मुंगळ्या,

वर 'प्रिय' लिहिलेलं नाही, ते चुकून राहिलेलं नाही.

हे पत्र पोचेल तोवर कोर्टाचा कागद तुझ्या हातात पडला असेल. बेलिफाला दारात बघून घाबरला असशील तर घाबर. दाव्यावर सही करताना मीही पेन दोनदा खाली ठेवलं होतं. वकीलबाईंनी मला बजावलंय, "प्रतिवादीला एक अक्षर लिहायचं नाही." प्रतिवादी म्हणजे तू. मी म्हटलं, "बरं," आणि घरी येऊन लिहायला बसले. सख्ख्या भावाला पत्र लिहायला वकिलाला विचारायचं म्हणजे कमालच झाली.

आता नीट वाच. तुझी सवय मला ठाऊक आहे. बाबा ओरडले की तू कामाच्या टेबलाखाली जाऊन त्याच्या पायाला चिकटून बसायचास, हूं नाही की चूं नाही. मुंगळा नाव काय उगाच पडलं? पण या वेळी गप्प बसलास तर कारभार आटोपला. हा दावा नेहमीचा नाही. नेहमीच्या दाव्यात समोरच्या माणसाला आपली बाजू मांडता येते. यात तसं नसतं. तू स्वतःच्या हाताने लिहून सही करून दिलंयस, म्हणून तुला बोलायचं असेल तर आधी कोर्टाची परवानगी काढावी लागते. दहा दिवसांत हजेरी लावायची. मग शपथेवर अर्ज द्यायचा की मला बचाव करू द्या, माझं असं असं म्हणणं आहे. कोर्टाला त्यात तथ्य दिसलं तर परवानगी. नाही दिसलं, किंवा तू फिरकलाच नाहीस, तर मी लिहिलेलं सगळं खरं धरून माझ्या बाजूने हुकूम. दहा दिवस, बोटं मोजून.

कागद कुठला ते विचारू नकोस. तीन वर्षांपूर्वी तुला तुझी वेगळी दातांची लॅब काढायची होती तेव्हा मी पैसे दिले, आणि बाबांच्या नियमाने तुझ्याकडून चिठ्ठी लिहून घेतली. चिठ्ठीशिवाय आपल्या टेबलावरून एक दातसुद्धा हलत नाही. तीच आपली छापील चिठ्ठी, जी डॉक्टर कवळीच्या मापाबरोबर भरून पाठवतात. नाव, काम, दातांचा रंग, तारीख, सूचना. कामाच्या रकान्यात तू लिहिलंस, "ताईकडून पैसे घेतले, मागेल तेव्हा परत देईन." रंगाच्या रकान्यात लिहिलंस, "लाल, लाजेने." वकीलबाईंना ते वाचून दाखवताना मी हसले आणि मग माझीच मला चीड आली.

तू काय केलंस? लॅब काढलीस, आणि आपले दोन मोठे डॉक्टर तुझ्याकडे काम पाठवायला लागले. बाबांच्या वेळचे डॉक्टर! फोनवर मी बोलले ते बोलले. माझी जीभ तिखट आहे, पण पोटात काही नसतं हे तुला माहीत होतं. आई तीन महिने अंथरुणाला होती, तू एकदा म्हणून आला नाहीस. शेवटच्या आठवड्यात तिला कवळी टोचत होती, ती मी घासून दिली. चार दिवसांनी बाई पहिल्यांदा पोटभर जेवली. दवाखान्याचं बिल तिने स्वतःच्या साठवणीतून भरलं. तुझा एक पैसा लागला नाही त्यात. आणि सगळं आटोपल्यावर तू तिसऱ्या दिवशी उगवलास. हो, लावलं मी दार तुझ्या तोंडावर. दुसरं काय करणार होते?

त्याला चौदा महिने झाले. दहा दिवसांत ये.

ताई


१८ जानेवारी

मुंगळ्या,

नवव्या दिवशी! शाबास. वकीलबाई म्हणाल्या, "त्यांच्या वकिलाने हजेरी लावली, आता आपलं काम वाढलं." मी तोंड वाकडं करून "अरेरे" म्हटलं. बाहेर येऊन जिन्यात पाच मिनिटं बसले. तू येणार नाहीस असंच मला वाटत होतं.

एक सांगते, वकीलबाईंना कळता कामा नये. पैशांची मला नड नाही. लॅब चालते. दोन डॉक्टर गेले तरी बाकीचे आहेत. पण वकीलबाईंच्या धाकट्या बहिणीच्या कवळीचं काम आलं होतं, तेव्हा बोलता बोलता त्या म्हणाल्या की अशा चिठ्ठीला तीन वर्षांची मुदत असते, नंतर तो नुसता कागद. घरी येऊन तारीख बघितली तर एकवीस दिवस उरलेले. मग तुझ्यामाझ्यात काहीच उरणार नव्हतं बघ. भाऊ म्हणून तू मला उत्तर देत नाहीस. कोर्टाला तरी देशील.

हे लिहायला नको होतं. लिहिलं गेलं, आता खोडत नाही.

इथलं सांगण्यासारखं काही नाही. घासायच्या मशीनचा पट्टा परत तुटला. माझी नजर कमी झालीय. मागचे दात बसवते अजून, पण पुढचे सहा बसवताना मधली रेघ डावीकडे जाते. परवा एक कवळी परत आली. डॉक्टरांनी सूचनेच्या रकान्यात लिहिलं होतं, "पेशंट हसताना वाकडे दिसतात." आजवर आपल्याकडे अशी कवळी परत आली नव्हती. तू दिव्यावर मेण धरून नुसत्या अंदाजाने रेघ लावायचास, ती कशी रे? कुठून मोजायचास, नाकापासून की ओठापासून? तेवढं लिहून पाठव. दाव्याशी त्याचा काही संबंध नाही.

ताई


१० फेब्रुवारी

काय रे,

तुझ्या प्रतिज्ञापत्राची प्रत आज हातात पडली. मी उभ्याने वाचली आणि मग बसून परत वाचली. शपथेवर लिहिलंयस ना हे? शपथेवर!

"नऊ नोव्हेंबर, गुरुवारी मी घरी जाऊन सर्व रक्कम आईच्या हातात दिली. आईने चिठ्ठीवर पोच लिहून ती माझ्यासमोर स्वतःच्या खोक्यात ठेवली. म्हणून मला बचावाची परवानगी मिळावी."

आई सोमवारी गेली. त्याच्या आधीच्या गुरुवारी तू घरात होतास आणि मला पत्ता नाही? आईने मला सांगितलं नाही? माझ्यापासून तिने कधी काही लपवलं नाही. मेलेल्या माणसाच्या नावावर काहीही खपवायचं, ती थोडीच उठून येणार आहे साक्षीला. लाज कशी वाटली नाही तुला?

वकीलबाई मात्र खूश आहेत. म्हणाल्या, "याला पोकळ बचाव म्हणतात. हातात कागद नाही, साक्षीदार हयात नाही. कोर्ट एक तर परवानगी नाकारेल, नाही तर म्हणेल आधी सगळी रक्कम कोर्टात भर, मग बोल." नंतर चष्मा वर करून विचारलं, "हे खोकं म्हणजे काय? असं काही आहे का तुमच्याकडे?"

मी म्हटलं, नाही.

आता तुझ्याशी काय खोटं बोलू. आहे. दुसऱ्या फळीवर, खिडकीच्या बाजूला, जिथे होतं तिथेच. मी ते उघडलेलं नाही. गिऱ्हाईक वारल्याचं कळलं की बाबा फळीवरचं त्याच्या मापाचं खोकं उतरवायचे, आतला प्लास्टरचा जबडा अंगणात नेऊन फोडायचे, चिठ्ठ्या फाडायचे आणि खोकं धुऊन दुसऱ्याला द्यायचे. गेलेल्या माणसाचं तोंड आपल्या फळीवर ठेवायचं नाही म्हणायचे. बाबांचा स्वतःचा जबडा आईने फोडला, तू हातोडी आणून दिलीस. आईचा मी फोडायला हवा होता, दुसऱ्याच दिवशी. पंधरा महिने रोज त्या फळीवरची धूळ पुसते आणि तेवढं खोकं सोडून पुसते. माझा हात होत नाही. बस, एवढंच आहे त्या खोक्यात. आईचे वरचे आणि खालचे जबडे. दुसरं काही नाही.

त्या गुरुवारी अकरा ते एक मी बाहेर होते, ते खरं आहे. दर गुरुवारी असते. डॉक्टरांकडे तयार कामं पोचवायला जाते, हे जगाला माहीत आहे. तेवढ्यावरून तू गोष्ट रचलीस.

ताई


१२ फेब्रुवारी

मुंगळ्या,

काल खोकं उघडलं.

दार आतून लावून घेतलं, टेबलावर जुनं वर्तमानपत्र अंथरलं आणि झाकण काढलं. वरती जबडे होते. खाली तिच्या कवळीच्या चिठ्ठ्या, आणि त्यांच्यावर एक नवीन चिठ्ठी, चार घड्या घातलेली. आईचं अक्षर. तिचा 'र' नेहमी मागे पडलेला असायचा, तसाच पडलाय. तिने सगळे रकाने भरलेत, जशी काही एखाद्या डॉक्टरकडून आलेली चिठ्ठी.

नाव : धाकटा.
काम : पैसे परत आणून दिले, सगळे.
रंग : बरा आहे, वाळलाय.
तारीख : ९ नोव्हेंबर, गुरुवार.
सूचना : ताईला नंतर कळावे. आत्ता रागात आहे.

मी वाचत बसले. किती वेळ ते विचारू नकोस.

तिचा हिशोब अगदी बरोबर होता. तिला माहीत होतं की ती गेली की दुसऱ्या दिवशी मी खोकं उतरवणार, जबडा फोडणार, आणि चिठ्ठ्या फाडायच्या आधी वाचणार. तिसऱ्या दिवशी तू येणार, तोवर मला सगळं कळलेलं असणार. लॅबवाल्याच्या बायकोने लॅबच्या नियमावर भिस्त ठेवली. आणि मी कप्पाळकरंटी, माया आड आली म्हणून खोक्याला हातच लावला नाही.

शुक्रवारी सकाळी, दवाखान्यात हलवायच्या आधी, तिने मला एक पुडकं दिलं होतं. मेणाच्या पट्ट्या येतात त्या गुलाबी कागदात गुंडाळलेलं. म्हणाली, "माझी साठवण आहे. दवाखान्यात लागेल." मी म्हटलं, "तुझी कसली आलीय एवढी साठवण?" तर म्हणाली, "बाईमाणसाला विचारू नये." मी हसले. ते तुझे पैसे होते. मी माझ्या हाताने मोजून दवाखान्यात भरले, आणि तुला लिहिलं की तुझा एक पैसा लागला नाही.

आणखी एक आहे. तेही सांगून टाकते, नाही तर पुन्हा धीर व्हायचा नाही. दवाखान्यात तिने मला दोनदा विचारलं, "त्याला कळवलंस का?" मी दोन्ही वेळा हो म्हटलं. कळवलं नव्हतं. मला वाटलं, ती बरी होईल, आणि तू तिच्या आजारपणाचं निमित्त करून घरात शिरशील, आणि मग मला तुझ्याशी बोलावं लागेल. रागात माणूस किती हलकं वागू शकतं ते मला तेव्हा समजत नव्हतं. रविवारी रात्रीसुद्धा तुला कळवलं असतं तर तू पोचला असतास.

आईला माझी भीती वाटत होती रे. मी तिला न्हाऊ घालत होते, भरवत होते, रात्री उठून कूस बदलून देत होते. आणि तिला माझी भीती वाटत होती.

चोवीस तारखेला सुनावणी आहे. चिठ्ठी माझ्या पर्समध्ये आहे.

ताई


२५ फेब्रुवारी

मुंगळ्या,

काल तुला बघितलं. शर्ट अंगावर लोंबत होता. पुढचा एक दात अर्धा तुटलाय, तो तसाच? दुसऱ्यांची तोंडं दुरुस्त करणारा माणूस तू, आणि स्वतःचं हे असं!

तुला आतलं माहीत नाही म्हणून सांगते. सकाळी मी वकीलबाईंना चिठ्ठी दाखवली. त्यांचा चेहरा पडला. म्हणाल्या, "हा कागद तुमच्याकडे आहे हे कुणालाही ठाऊक नाही. आज फक्त परवानगीचा प्रश्न आहे. तुम्ही गप्प राहिलात तर आपण जिंकल्यात जमा." मी म्हटलं, "आणि दिला तर?" म्हणाल्या, "मग तुम्ही मला कशाला नेमलंत?" बरोबरच होतं त्यांचं. पण त्यांनी निर्णय माझ्यावर सोडला आणि तो कागद स्वतःच्या हाताने पुढे केला. चांगली बाई आहे.

न्यायाधीशांना सर्दी झाली होती. नाक पुसत त्यांनी चिठ्ठी वाचली, उलटी करून पाहिली, परत वाचली. "रंग : बरा आहे, वाळलाय, हे काय?" त्यांनी विचारलं. सगळं कोर्ट माझ्याकडे बघायला लागलं. मी सांगितलं, "साहेब, हे आईने भावाबद्दल लिहिलंय." तेव्हा तू मान वर केलीस. तुझा चेहरा असा का झाला, पांढराफटक? मी पत्रात सगळं लिहिलं होतं की.

साहेब म्हणाले, "वादीनेच पोच हजर केली आहे, म्हणजे दाव्यात फार काही उरत नाही. वादीला दावा मागे घ्यायचा आहे का?" वकीलबाईंनी माझ्याकडे बघितलं. मी हो म्हणणारच होते. तेवढ्यात तू उभा राहिलास. तुझा वकील शर्ट ओढून तुला खाली बसवत होता.

"साहेब, मागे घेऊ देऊ नका. मला परवानगी द्या."

"अहो, दावा मागे घेतला तर तुम्ही सुटलात. परवानगी कशाला हवी?"

"मला बोलायचंय," तू म्हणालास. "मला कुणी विचारलंच नाही. मला सगळं लिहून द्यायचंय."

आवाज थेट बाबांसारखा झालाय तुझा. साहेबांनी मला विचारलं, दावा मागे घेता का? मी म्हटलं, "नाही घेत. त्याला बोलू द्या." आपण हरणार हे माहीत असलेला दावा मी चालू ठेवला, आणि वकीलबाईंनी कपाळाला हात लावला. साहेबांनी दोन ओळींचा हुकूम सांगितला. बचावात तथ्य दिसतं, प्रतिवादीला विनाअट परवानगी, तीस दिवसांत लेखी कैफियत द्यावी. झालं. एवढ्या दोन ओळींसाठी मी दोन महिने जीव मुठीत धरून होते.

बाहेर बाकाशी मी तुला गाठलं. बोलायचं खूप ठरवलं होतं, पण तोंडातून निघालं काय, तर, "जेवलास का?" तू जरा मागे सरकलास आणि म्हणालास, "तुम्ही बसा ना, ताई." तुम्ही!

माझ्यावर हात उगारला असतास तर एवढं लागलं नसतं. तू वकिलाबरोबर जिना उतरून गेलास आणि मी खरोखरच बसले. तू बस म्हणाला होतास ना.

मधल्या रेघेचं विचारलं होतं, त्याचं उत्तर आलं नाही.

ताई


१७ एप्रिल

मुंगळ्या,

हे सहावं पत्र. याचंही काय होणार ते आता मला माहीत आहे, तरी लिहिते.

तुझी कैफियत वाचली. अकरा पानं. अकरा शब्द बोलायला तुला अर्धा दिवस लागायचा, एवढं सगळं कुठे साठवलं होतंस? तू लिहिलंयस की त्या गुरुवारी तू समोरच्या वह्यापुस्तकांच्या दुकानात उभा होतास, मी कामाची पेटी घेऊन कोपऱ्यावर वळेपर्यंत. स्वतःच्या घरात शिरायला चोरासारखा. आईजवळ दोन तास बसलास. तिला कवळी टोचत होती, ती तू घासून दिलीस, खाली डाव्या बाजूला, आतून. मी ते सोमवारपासून बाहेरून घासत होते. म्हणजे ती पोटभर जेवली ते तुझ्यामुळे, आणि मी दीड वर्ष गावभर माझ्या हाताचं कौतुक सांगत होते.

तिसऱ्या दिवशीचंही लिहिलंयस. बातमी तुला एका डॉक्टरच्या दवाखान्यात कळली, माप आणायला गेलास तेव्हा. दार लावल्यावर तू अर्धा तास पायरीवर उभा होतास. "मला फक्त तिची खाट बघायची होती," असं लिहिलंयस. उभा होतास ते मला ठाऊक आहे. मी खिडकीच्या फटीतून बघत होते. तो जाईल, मग मी रडेन, असं मी ठरवलं होतं.

काल साहेबांनी एकेक परिच्छेद वाचला आणि मला विचारलं, मान्य की अमान्य. वकीलबाई मध्ये पडल्या नाहीत. मी प्रत्येक वेळी मान्य म्हटलं. कारकून लिहीत होता. सातव्या परिच्छेदाला माझा आवाज फुटेना, तेव्हा साहेब म्हणाले, "मान हलवली तरी चालेल." शेवटी दावा काढून टाकला. तू जिंकलास. मी मनातल्या मनात तुझ्या पाठीवर थाप मारली.

पण त्याआधी शेवटचा परिच्छेद आला. "वादीने मला पाच पत्रे पाठवली. ती सोबत हजर करत आहे. मी ती उघडलेली नाहीत. ताईचा राग वाचण्याची ताकद आता माझ्यात नाही."

आणि कारकुनाने पाच पाकिटं टेबलावर ठेवली. माझं अक्षर, माझा डिंक, सगळी जशीच्या तशी बंद. पहिलं खरंच रागाचं होतं, कबूल करते. पण बाकीची? म्हणजे चिठ्ठीचं तुला कोर्टात पहिल्यांदा कळलं. म्हणून तू पांढराफटक झालास. आईने माझ्या रागाला भिऊन चिठ्ठी खोक्यात ठेवली आणि तू पत्रं पाकिटात ठेवलीस. एका घरातली दोन माणसं माझ्यापासून लपून राहिली. मी मात्र स्वतःला घराचा खांब समजत होते.

साहेबांनी विचारलं, "हा परिच्छेद?"

मान्य.

तू दोन महिने परवानगीसाठी ताटकळलास. मला तर अर्जात लिहायलाही काही नाही. आईला खोटं सांगितलं ते खरं, तुला कळवलं नाही ते खरं, दार लावलं ते खरं. यावर कुठला वकील काय बचाव देणार? रागावून घे माझ्यावर, हवं तितकं. पण तुम्ही म्हणू नकोस.

कारकुनाने पाकिटं तुला परत दिली. तू ती तिथेच टाकून जाशील असं मला वाटलं. तू ती पिशवीत घातलीस. एक खाली पडलं, ते वाकून उचललंस. तेवढं बघून मी घरी आले.

ताई


२० एप्रिल
(पोस्टकार्ड)

मुंगळ्या,

पोस्टकार्ड आहे, उघडावं लागत नाही. रागाचं नाही.

आईचा जबडा अजून फळीवर आहे. फोडायचा असेल तर हातोडी टेबलाखाली, तुझ्या जागेवर. न्यायचा असेल तर ने. खाट आहे तिथेच आहे.

येत्या गुरुवारी मी अकरा ते एक बाहेर असेन. किल्ली समोरच्या वह्यापुस्तकांच्या दुकानात ठेवते. एकच्या आधी परत येणार नाही. कोपऱ्यावरून मागे वळून बघणार नाही.

एक वाजता दारावर टकटक करेन. तू असलास आणि उघडावंसं वाटलं नाही, तर नको उघडूस. मी पायरीवर थांबेन.

ताई